कांगारू उंदीर आणि अब्बांचे दोन महिने

आमच्या गावातून गल्फला निघालेल्या माणसाला निरोप द्यायची एक ठरलेली पद्धत होती. जीप मशिदीच्या कोपऱ्यावर उभी राहायची. जाणाऱ्याला कुराणाखालून काढायचं, मग बायकांनी दाराच्या आतून आणि पुरुषांनी दाराच्या बाहेरून त्याच्या हातात काही ना काही कोंबायचं. त्र्याण्णव साली मी निघाले तेव्हा माझ्याकडे सोड्यांची पुडी आली, आंबोशी आली, कोणाच्या तरी अजमानमधल्या मुलासाठी कुळथाचं पीठ आलं. अब्बा सगळ्यांच्या मागे उभे होते. जीपचं दार लागायच्या आधी ते पुढे आले, खिडकीत वाकले आणि म्हणाले, "शमी, तू वाळवंटात चाललीयस. तिथे उड्या मारणारा उंदीर असतो. दिसला तर नीट बघून ठेव."

सगळे हसले. अम्मा दाराआडून म्हणाली, "पोर सासरी चालली आणि ह्यांना उंदीर सुचतोय." मीही हसले, आणि मग म्हसळ्यापर्यंत रडत गेले. जीपवाला सवयीचा होता. म्हणाला, "पहिल्यांदा सगळ्याच रडतात. सुट्टीवर आल्या की परत जायची घाई करतात." तेव्हा मला त्याचा फार राग आला होता.

अब्बा गावच्या हायस्कुलात विज्ञान शिकवायचे. आमच्या मोहल्ल्यात घरटी एक माणूस बाहेर होता, कोणी कुवेतला, कोणी जहाजावर, कोणी दुबईत. कोणाच्या घराला कधी रंग लागला यावरून त्या घरचा माणूस कधी सुट्टीवर आला होता ते सांगता यायचं. आमच्या भिंतींना नुसता चुना. "सगळ्यांच्या पोरांना शिकवून बाहेर पाठवतो, मीच गेलो तर शिकवणार कोण?" असं अब्बा म्हणायचे, आणि त्यात थोडी ऐटही असायची. दुबईत नोकरीला असलेल्या इक्बालचं स्थळ मला सांगून आलं तेव्हा त्यांनी बरेच दिवस उत्तर दिलं नाही. शेवटी होकार दिला तो अम्माच्या तोंडाकडे बघून.

त्यांचा आवडता धडा नववीचा, अनुकूलनाचा. त्या दिवशी ते पुस्तक मिटून ठेवत. टेबलावर एक चित्र उभं करत, कुठल्या तरी जुन्या मासिकातून कापून पुठ्ठ्यावर चिकटवलेलं. ऑस्ट्रेलियातला नामशेष झालेला राक्षसी कांगारू. माणसापेक्षा उंच, तोंड आखूड, मागच्या पायाला एकच जाड बोट, आणि पुढच्या हातांची दोन दोन बोटं आकड्यासारखी लांब, झाडाच्या फांद्या खाली ओढायला. मग फळ्यावर खडूने अमेरिकेतल्या वाळवंटाचा कांगारू उंदीर काढत. मुठीत मावेल एवढा, जन्मभर पाण्याला तोंड न लावणारा; कोरड्या बिया खातो आणि त्यातूनच त्याचं शरीर पाणी करून घेतं. "या दोघांचं नातं काही नाही, उड्या सारख्या म्हणून नाव सारखं," हे ते आधी बजावत. "पण राक्षस गेला आणि उंदीर राहिला. का?" आणि आम्ही सगळी पोरं एका सुरात ओरडायचो, "गरजा कमी केल्या म्हणून!" राक्षस दुष्काळाने मेला की माणसाने मारला यावर शास्त्रज्ञांचं अजून भांडण आहे, असंही ते सांगत. पण ते परीक्षेत येत नसे, त्यामुळे कोणाच्या लक्षात राहत नसे. आयुष्यभर हा धडा शिकवणाऱ्या माणसाने वाळवंट मात्र कधी पाहिलं नव्हतं.

मी वाळवंटात आले खरी, पण मलाही ते दिसलं नाही. दिसलं ते दुबईतलं अल मनखूल. एका फ्लॅटमध्ये दोन कुटुंबं, मधे भिंत म्हणून पाठीला पाठ लावून ठेवलेली कपाटं, आणि दिवसरात्र घुरघुरणारा एसी. इक्बाल एका कोल्ड स्टोरेजमध्ये स्टोअरकीपर होता. भर उन्हाळ्यात जाड जाकीट बगलेत मारून कामाला निघायचा. खालच्या बकाल्यात, म्हणजे किराणा दुकानात, फोन केला की पाव, दूध, कोथिंबीर वर यायची. बाजाराला जायचं म्हणजे अंगावर साडी नीट करून, पिशवी घेऊन, चार जणींशी बोलत जायचं, ही सवय माझी वर्षभरात मोडली. मग मला एका कार्गो कंपनीत नोकरी लागली. फोनवर सकाळपासून "यस सर, शिपमेंट निकल गया सर, यल्ला, बाय" सुरू.

तेव्हा फोन परवडत नसे, म्हणून आम्ही कॅसेट भरून पाठवायचो. गावाला जाणारा कोणी मिळाला की त्याच्या बॅगेत कॅसेट. उलट्या टपालाने, म्हणजे येणाऱ्या माणसाच्या बॅगेतून, अब्बांची कॅसेट यायची. अम्मा त्यात दोनच वाक्यं बोलायची आणि रडायची. मग अब्बा खाकरून सुरुवात करत, वर्गात करत तशीच. "उंदीर दिसला का?" मी एकदा उत्तरात म्हटलं, नाही अब्बा, तुमचा कांगारू उंदीर इथे कोणालाच माहीत नाही. त्यावर पुढच्या कॅसेटची अख्खी एक बाजू मला शिकवणीला गेली. कांगारू उंदीर अमेरिकेत असतो, तुझ्याकडचा तो जर्बोआ. अरब लोक त्याला यरबू म्हणतात. मोठे कान, लांब शेपूट, शेपटीच्या टोकाला गोंडा. दिवसा बिळाचं तोंड वाळूने बंद करून आत झोपतो. तोही पाणी पीत नाही. "नववीत तुला पैकीच्या पैकी होते," ते शेवटी म्हणाले, "आणि आता कोणता उंदीर कुठला ते कळत नाही."

तुम्ही जे तिकडे राहिलात त्यांना वाटतं आम्ही इथे रोज गावासाठी झुरतो. जे माझ्यासारखे इकडे आले त्यांना खरं काय ते माहीत आहे, फक्त कोणी बोलत नाही. पहिली दोन वर्षं मी झुरले. मग पहिल्या सुट्टीवर गेले, आणि दहाव्या दिवशी मला माझी गादी, माझा नळ, माझा गार कोपरा आठवायला लागला. लाईट गेली की चिडचिड व्हायची. जीपवाला बरोबर होता. पुढे हिबा झाली, आम्ही स्वतंत्र फ्लॅट घेतला, एक बेडरूम आणि हॉल. हिबा मराठी समजते, पण उत्तर इंग्रजीत देते. मीही तिच्याशी अर्धं इंग्रजीतच बोलायला लागले.

मग अम्मा गेली. आमच्यात माती त्याच दिवशी होते. मी पोचले तेव्हा कबरीवरची माती वाळलेलीसुद्धा होती. घरात बायका भरलेल्या होत्या, आणि त्या सगळ्यांसमोर मी म्हणाले, "अब्बांना आता मी एकटं ठेवणार नाही. दुबईला घेऊन जाणार, कायमचं." बायकांनी माझ्या तोंडावरून हात फिरवले. लेक असावी तर अशी, असं म्हणाल्या. मला बरं वाटलं, हे सांगायला लाज वाटते, पण खरंच बरं वाटलं. अब्बा ओटीवर बसून ऐकत होते. त्यांनी हो म्हटलं नाही, नाहीही म्हटलं नाही.

दोन हजार तीनच्या फेब्रुवारीत ते आले, दोन महिन्यांच्या व्हिजिट व्हिसावर. इक्बालने कंपनीत बोलून ठेवलं होतं. अब्बांनी हो म्हटलं की रेसिडेन्सचं काम पुढे सरकणार होतं. म्हणजे दोन महिन्यांत ठरवायचं होतं, राहायचं की जायचं. मी त्यांच्यासाठी हॉलमध्ये सोफा-कम-बेड आणला, हिबाचं अभ्यासाचं टेबल आमच्या बेडरूममध्ये सरकवलं, त्यांच्या बॅगा बाल्कनीच्या दाराशी लावल्या. पहिल्याच संध्याकाळी चहा घेता घेता त्यांनी विचारलं, "वाळवंट किती लांब?"

इक्बाल म्हणाला, "अब्बा, अर्धा-पाऊण तास. नेक्स्ट फ्रायडे पक्का."

इथे पाहुणा आला की त्याचा एक राउंड असतो, तुम्हाला ठाऊक आहे. गोल्ड सूक, क्रीकमधली नाव, एक मॉल, दुसरा मॉल, मग कार्पेट बघायला शारजा. आम्ही तो राउंड इमानेइतबारे पार पाडला. अब्बांनी सगळीकडे हात मागे बांधून बघितलं आणि चांगलं आहे म्हटलं. उंदराचा शुक्रवार मात्र पुढे जात राहिला. हिबाची फायनल एक्झाम होती. इक्बालचं ऑडिट होतं. मला सर्दी झाली. "नेक्स्ट फ्रायडे, इन्शाल्ला," इक्बाल दर वेळी म्हणे, आणि अब्बाही मान डोलावून इन्शाल्ला म्हणत.

सुरुवातीला हिबाची आणि त्यांची चांगली गट्टी जमली. तिच्या एन्सायक्लोपीडियात राक्षसी कांगारूचं रंगीत पान होतं. ते बघून अब्बांना काय आनंद झाला म्हणता! आपल्या पुठ्ठ्यावरच्या चित्रात रंग चुकला होता असं त्यांनी लगेच कबूल केलं. मग लुंगी खोचून ते हॉलच्या मधोमध उभे राहिले, टाचा उंचावल्या, दोन्ही हातांची दोन दोन बोटं आकड्यासारखी वाकवली आणि पडदा खाली ओढून पाला खाल्ल्यासारखं तोंड हलवायला लागले. हिबा हसून हसून लोळली. "नाना, अगेन! डू इट अगेन!" मग तो खेळ रोजचाच झाला.

मार्चच्या सुरुवातीला, एका दुपारी, हिबाच्या वर्गातल्या तीन मैत्रिणी घरी आल्या. अब्बांना वाटलं, वर्ग भरला. त्यांनी लुंगी खोचली, टाचा उंचावल्या आणि पडद्याला हात घातला. मुली एकमेकींकडे बघायला लागल्या. एकीने तोंडावर हात धरला. हिबा लालबुंद होऊन माझ्याकडे स्वयंपाकघरात आली. "मॉम, प्लीज टेल हिम टू स्टॉप. दे आर लाफिंग अ‍ॅट हिम."

मी हॉलमध्ये गेले. अब्बा अजून तसेच उभे होते, दोन बोटं वर. मी अगदी गोड आवाजात म्हणाले, "अब्बा, तुम्ही जरा खाली फिरून या ना. बाहेर हवा छान आहे."

त्यांनी हात खाली घेतले. "हो, हो. हवा छान आहे," म्हणाले, आणि चपला घालून गेले.

दुसऱ्या दिवशी हिबा शाळेतून यायच्या सुमाराला ते आपणहून खाली गेले. मग रोजच जायला लागले. समोरच्या बागेतल्या बाकावर बसायचे आणि सूर्य बुडाल्यावर मगरिबची नमाज पढूनच वर यायचे. हळूहळू घरातही त्यांची जागा आटत गेली. आम्ही कामावर गेलो की एसी बंद करून बसायचे. अंघोळीला अर्धी बादली. पंगतीला बसले की सुरमईची एकच तुकडी, दुसरी वाढली तर ताटावर हात आडवा. पिण्याचं पाणी इथे विकत येतं हे कळल्यापासून सकाळी एक छोटी बाटली भरून घ्यायचे आणि तीच संध्याकाळपर्यंत पुरवायचे. इक्बालला टीव्हीवर मॅच बघायची असली की त्यांना नेमकी बाल्कनीतली हवा खावीशी वाटे. मी हे सगळं बघत होते. मला वाटत होतं, अब्बा रुळले. शेजारच्या सुलभाताईंचे सासरे आले की त्यांच्या घरात महाभारत होई, म्हणून मी त्यांना मोठ्या तोऱ्यात सांगितलं, "आमच्या अब्बांचा काही म्हणजे काही त्रास नाही हो. घरात आहेत हे कळतसुद्धा नाही."

सुलभाताई म्हणाल्या, "नशीबवान आहेस बाई." मी ते नशीब मिरवत घरी आले.

पण मनातलं सांगायचं तर, त्रास नसूनही मला त्यांचं असणं जड होत होतं. संध्याकाळी दार उघडताना चेहरा नीट करावा लागायचा. हिबावर ओरडताना आवाज खाली ठेवावा लागायचा. त्यांच्या जागेवर बसून एकदा तरी पाय पसरावेत असं वाटायचं, आणि असं वाटलं की लगेच अम्माची कबर डोळ्यांपुढे यायची. मग मी उठून त्यांच्यासाठी तांदळाची भाकरी करायची आणि समोर बसून पुन्हा तेच म्हणायची, "अब्बा, मग ठरलं ना? राहताय ना?" ते म्हणायचे, "बघू. आधी उंदीर तर बघू दे."

व्हिसा संपायला आला तेव्हा कुठे आम्ही गेलो. गुरुवारची, अर्ध्या सुट्टीची दुपार होती. अल ऐनच्या रस्त्याला लागून, एका उंटांच्या फार्मपाशी गाडी थांबवली. तिथल्या माणसाला इक्बालने विचारलं, "भाई, यरबू दिखेगा इधर?" तो हसला. "मगरिब के बाद बैठो चुपचाप. बहुत है." आम्ही वाळूत चटई टाकली. हिबाला बोअर होत होतं, ती गाडीत जाऊन बसली. अब्बांनी आणि इक्बालने नमाज पढली. अंधार पडला. इक्बालने गाडीचे दिवे लावले आणि आम्ही गप्प बसून राहिलो.

आला. आधी एक सावली टुणकन इकडून तिकडे गेली, मग उजेडात येऊन थांबला. अब्बांनी कॅसेटमध्ये सांगितला होता तसाच. मोठे कान, काळे डोळे, आखडून छातीशी धरलेले इवलेसे पुढचे हात, आणि मागे गोंड्याची शेपूट. वाळूत काहीतरी उकरलं, तोंडात टाकलं, दोन उड्या मारल्या, पुन्हा थांबला. हिबा गाडीची काच खाली करून कुजबुजली, "ओ माय गॉड, नाना, इट्स अ बेबी कांगारू." अब्बांनी तिला दुरुस्त केलं नाही. मी त्यांच्या तोंडाकडे पाहिलं. मला वाटलं होतं ते हरखून जातील. ते नुसते बघत होते, वर्गातल्या एखाद्या मुलाचं उत्तर शेवटपर्यंत ऐकून घेत तसे.

उंदीर गेल्यावर म्हणाले, "शमी, मी एवढी वर्षं पोरांना चुकीचं शिकवलं."

"काय अब्बा?"

"गरजा कमी केल्या म्हणून राहिला, असं सांगायचो. त्याने काही कमी केलं नाही. बघितलंस ना कसा मजेत खात होता. त्याला तहान लागतच नाही, मग सोडायचं काय त्यात?" इक्बाल चटई झटकायला लांब गेला होता. "मला लागते. इतके दिवस बघितलं लपवून. माणसाला नाही जमत."

मी त्यांचा हात धरला. "अब्बा, असं काय बोलता? तुम्ही राहा. आपण सगळं नीट करू." हे शब्द मी म्हणाले, आणि त्याच क्षणी छातीवरचं मोठं ओझं उतरल्यासारखं हलकं वाटलं. ते जाणार होते. आणि 'नाही' मी म्हटलं नव्हतं, त्यांनी म्हटलं होतं. अंधार होता, पण गाडीचे दिवे माझ्या तोंडावर होते. कोणी अभ्यास केलाय आणि कोणी नाही हे ज्याला जन्मभर चेहऱ्यावरून कळत आलं, त्याला हे कळायला कितीसा वेळ लागणार! त्यांनी माझ्या हातावर दोनदा थोपटलं आणि उठले. "यल्ला," ते म्हणाले. 'चला'साठीचा हा अरबी शब्द त्यांनी बागेतल्या बाकावर उचलला होता. "पोरीला भूक लागली असेल."

आज त्याला दोन वर्षं होत आली. अब्बा गावात एकटे राहतात. सकाळी समुद्रावर जातात, हायस्कुलात अजून कधी कधी बोलावतात. आता फोन कार्ड स्वस्त झालं आहे, दर शुक्रवारी आम्ही बोलतो. त्यांच्या आवाजाकडे कान लावून मी अंदाज घेते, जेवतात ना, पडले-बिडले नाहीत ना. "या ना परत," असं मी दर वेळी म्हणते. मनापासून म्हणते. पण ते खरंच येतो म्हणाले तर पहिली मला हॉलचीच काळजी पडेल, हेही मला माहीत आहे. इथले लोक मला विचारतात, रिटायर झाल्यावर परत जाणार का, घरी? मी म्हणते, हो, अर्थात, घरीच जाणार. मोहल्ल्यातल्या बायका अजून माझं नाव काढतात म्हणे, बापाला घेऊन गेली होती, त्यांनाच करमलं नाही.

घर म्हणजे काय, ते मला ज्या दिवशी कळलं तो दिवस अब्बा गावी परत गेले तो. त्यांचं विमान दुपारचं होतं. एअरपोर्टवर मी त्यांच्या गळ्यात पडून रडले, ते रडणं खोटं नव्हतं. परत आलो तेव्हा दुपार झाली होती. हिबाने न सांगता आपलं टेबल ओढत हॉलमध्ये आणलं. इक्बाल उघड्या अंगाने हिंडत बाल्कनीपर्यंत गेला, टीव्ही मोठ्याने लावला आणि स्वतःशीच गुणगुणायला लागला. मी एसी लावला, त्यांच्या जागेवर आडवी झाले आणि पाय पसरले. अब्बांचं विमान अजून समुद्रावरच असेल. मला मात्र दोन महिन्यांत लागली नव्हती इतकी गाढ झोप लागली.